डोळ्यांनी ऐकणारी

कापडाच्या कारखान्यात, विणाई खात्यात, तिला सगळे रेडिओ म्हणत. नावात खोच होती, कारण हा रेडिओ ऐकायचा नव्हता, बघायचा होता. त्या खात्यात ओळीने माग चालायचे, धोटे इकडून तिकडे आपटायचे, आणि आवाज असा की नवी आलेली पोरगी पहिल्या दिवशी कान धरून रडायलाच लागायची. तिथे ओरडण्यात अर्थ नव्हता. बायका आवाज न काढता, ओठ मोठे करून, भुवया नाचवून बोलायच्या. खात्याच्या या टोकाला कुणाचं लग्न ठरलं की रेडिओच्या कृपेने ती बातमी चहाच्या सुट्टीआधी त्या टोकाला पोचलेली असायची. मुकादमाला वाटायचं, बायका कशा मुकाट्याने काम करताहेत. बिचारा! त्याच्या टकलापासून त्याच्या बायकोच्या तिरसट स्वभावापर्यंत सगळ्याची चर्चा त्याच्या नाकासमोर चाललेली असायची.

ओठ वाचणं ही काही कला आहे असं त्या बायकांना कधी वाटलं नाही. पाय आहेत म्हणून चालायचं, तसंच हेही. अडचण एवढीच झाली की रेडिओ घरी आल्यावरही तेच करत राहिली, आणि तिला ते कळलं नाही. वर्षानुवर्षं त्या गोंगाटात तिचे कान हळूहळू विझत गेले आणि त्यांचं काम डोळ्यांनी इतक्या बेमालूमपणे अंगावर घेतलं की मालकिणीला पत्ताच लागला नाही. समोरच्याचे ओठ हलले की तिच्या डोक्यात आवाज उमटायचा. चांगला स्पष्ट, त्या त्या माणसाच्या ओळखीचा आवाज. मग ती का म्हणून समजेल की आपल्याला ऐकू येत नाही?

नवरा गेल्यावर आणि कारखान्यातून मोकळी झाल्यावर ती लेकीकडे राहायला आली. तिथे तिच्या असं लक्षात आलं की जग बिघडलंय. घरातला रेडिओ बिघडलेला होता, नुसता घुमायचा. फोन बिघडलेला होता. लेकीने नवा आणून दिला, तर तो पहिल्यापेक्षाही वाईट निघाला. टीव्हीवर बातम्या देणारी बाई तेवढी नीट बोलायची, पण परभाषेतल्या मालिका आपल्या भाषेत करून दाखवतात त्या मेल्या अगदीच भिकार. "यांच्या तोंडात एक आणि आवाजात भलतंच," म्हणून ती टीव्ही बंद करायची. माणसं बिघडली, यंत्रं बिघडली, तिचे कान तेवढे शाबूत!

बिघडलेल्या माणसांमध्ये पहिला नंबर जावयाचा होता. तो घरोघरी फरशा बसवायचं काम करायचा. भला माणूस, पण सासूच्या मते पक्का मुखदुर्बळ. जेवायला बसला की मिठाची गुळणी धरल्यासारखा. बोललाच तर तोंडातल्या तोंडात. "तुझ्या नवऱ्याला शब्दांचे पैसे पडतात का गं?" असं तिने लेकीला एकदा विचारलंही होतं. लेक म्हणाली, "अगं, तो तर बडबड्या आहे!" यावर आईने जे तोंड केलं त्याचा अर्थ होता, प्रेमाला काय, दगडही गाताना दिसतो.

जावयाला मिशी होती. दाट, खाली वळलेली, वरचा ओठ पुरता झाकणारी. तिचा या सगळ्याशी काही संबंध असेल असं कुणाच्या स्वप्नातही आलं नाही.

मग बाळ झालं. मुलगा. चार महिन्यांचा झाला तेव्हा त्याला बापाच्या मिशीचा शोध लागला, आणि तो तिला असा लोंबकळायचा की एका रविवारी बापाने कंटाळून ती सफाचट करून टाकली. दुसऱ्या दिवशी सकाळी चहा पिताना तो म्हणाला, "आई, आज साखर जरा कमी पडलीय."

सासूने कप खाली ठेवला आणि लेकीकडे विजयी मुद्रेने पाहिलं. "बघ! बाप झाला आणि बोलायला लागला!"

त्या दिवसापासून सासू-जावयाचं असं काही मेतकूट जमलं की लेकीलाच परकं वाटायला लागलं. कारण मात्र कुणी शोधलं नाही. चांगलं घडलं की कारण शोधायची माणसाला सवय नाही, ती फक्त वाईटाच्या वेळी असते.

वाईटाची वेळही आलीच. लेक वीज कंपनीच्या तक्रारींच्या फोनवर कामाला होती. दिवसभर कानाला यंत्र लावून लोकांच्या शिव्या ऐकायच्या आणि गोड बोलायचं, असं ते काम. तिची बाळंतपणाची रजा संपत आली होती. ती कामावर गेली की बाळाला आजी सांभाळणार हे घरात कुणी ठरवलं नव्हतं, ते होतंच. आजीने मनात त्याची सगळी आखणी केली होती, कुठल्या खिडकीशी बसायचं इथपर्यंत. स्वतःची लेक लहान असताना ती कारखान्यात पाळीला जायची, आणि पोरगी शेजारणीच्या मांडीवर वाढली. ते तिला अजून सलत होतं. आता उरलेल्या आयुष्यात तिला एवढं एकच काम हवं होतं.

एक दिवस लेक अंघोळीला गेली होती. आजी स्वयंपाकघरात मटार सोलत बसली होती. बाळ मागच्या खोलीत, दार उघडं. आजीने बसण्याआधी डोकावून पाहिलं होतं, बाळ गाढ झोपलं होतं. मग ती निवांत झाली. लेक डोक्याला साबण तसाच घेऊन बाहेर धावली, तेव्हा बाळ रडून रडून लालबुंद झालं होतं, श्वास अडकत होता. आणि दोन पावलांवर त्याची आजी गुणगुणत मटार सोलत होती.

"आई!" लेकीने तिचा खांदा धरून हलवला. "अगं, तो केव्हाचा रडतोय!"

आजीने वळून पाहिलं. बाळाचं तोंड उघडं होतं, आणि तिने पाहिलं त्याच क्षणी तिला त्याचं रडणं ऐकू आलं. अगदी खणखणीत.

"आत्ता लागलाय," ती म्हणाली. आणि हे ती अगदी प्रामाणिकपणे म्हणाली. "इतका वेळ गप्प होता. मला ऐकू आलं नसतं का?"

 बाळाला उचलून छातीशी धरून लेक खोलीत येरझाऱ्या घालत राहिली, साबणाचं पाणी तिच्या मानेवरून ओघळत होतं. त्याच आठवड्यात तिने रस्त्यापलीकडच्या पाळणाघराची चौकशी केली. आजीला कुणकुण लागली आणि घरात भांडण झालं. आजी म्हणाली, म्हाताऱ्या माणसावर खोटं बालंट आणू नये. लेक म्हणाली, मी माझ्या डोळ्यांनी पाहिलंय. जावई मधे पडायला गेला आणि दोन्हीकडून बोलणी खाऊन परत आला.

गाठ सुटली ती सर्दीमुळे. लेकीला सर्दी झाली, आणि बाळाला होऊ नये म्हणून ती घरात तोंडाला पट्टी बांधून वावरायला लागली. झालं! आजीच्या लेखी आता लेकही बिघडली. "काय पुटपुटतेस? नीट बोल की! अजून राग गेला नाही वाटतं?" लेक पट्टी खाली ओढून बोलली की सगळं स्वच्छ, वर ओढली की नुसता घुमारा.

"कापड फार जाड आहे गं," आजी म्हणाली. कापडाबद्दल तिच्यासमोर कोण बोलणार?

जावयाने मात्र ती पट्टी हातात घेऊन उजेडात धरली. विरविरीत कापड, पलीकडचा दिवा दिसत होता. त्याने ती स्वतःच्या तोंडाला लावली आणि बायकोशी दोन वाक्यं बोलला. तिला शब्द न् शब्द कळला. मग त्याचा हात आपोआप नाकाखाली, जिथे मिशी होती तिथे गेला, आणि तो खुर्चीत बसला. बराच वेळ तो सासूकडे बघत राहिला. त्याला हसू येत होतं आणि रडूही येत होतं.

"आई," तो शेवटी म्हणाला, "मी बाप झालो म्हणून बोलायला लागलो नाही हो."

तपासणीला नेताना आजी फुरंगटूनच निघाली. कान तपासणाऱ्या बाईंनी तिला काचेच्या खोलीत बसवलं, कानांवर टोप्या चढवल्या, हातात बटण दिलं. आवाज आला की दाबायचं. आजी भराभर दाबायला लागली. एकही चुकेना. बाई पहिल्यांदा चक्रावल्या, आणि मग त्यांच्या लक्षात आलं की आजींची नजर आपल्या दंडावर आहे. आवाज सोडताना तो दंड हलला की आजी बटण दाबत होत्या. लबाडी करायचा आजीचा बेत नव्हता. दंड हलला की तिला खरोखरच बारीक पींऽऽ ऐकू येत होतं.

बाईंनी तिची खुर्ची भिंतीकडे फिरवली.

आजी बसून राहिली. मधेच एखादा खोल घुमारा आल्यासारखा वाटला, तेव्हा तिने बटण दाबलं. बाकी सगळं शांत होतं. भिंतीला फिकट हिरवा रंग होता, एका कोपऱ्यात पोपडा निघाला होता. तिने तो बराच वेळ न्याहाळला. शेवटी बाईंनी खुर्ची वळवली तेव्हा ती अदबीने म्हणाली, "सुरू कधी करताय?"

"झाली, आजी," बाई म्हणाल्या.

आजी कानकोंडी झाली. तिचा चेहरा असा उतरला की लेकीला आपण जिंकल्याचं काहीच वाटलं नाही, उलट मेल्याहून मेल्यासारखं झालं. बाईंना असे उतरलेले चेहरे रोज बघायची सवय असावी. त्यांनी आजीला सोडलं आणि लेकीला पडद्यासमोर बसवलं. पडद्यावर एक माणूस एकच अक्षर पुन्हा पुन्हा म्हणत होता.

"काय म्हणतोय?"

"दा," लेक म्हणाली. "दा, दा, दा."

"आता डोळे मिटा."

लेकीने डोळे मिटले आणि दचकून उघडले. "बा म्हणतोय! आता पुन्हा दा!"

"कसला दा आणि कसला बा," आजी मागून म्हणाली. "गा म्हणतोय की. सरळ दिसतंय."

बाई हसल्या. "दोघींमध्ये खरं तुमचंच, आजी. त्याचं तोंड 'गा' म्हणतंय. आवाज मात्र आम्ही 'बा'चा जोडलाय. यांच्या मेंदूने दोन्हींची तडजोड करून तिसरंच ऐकवलं, आणि यांचे कान तर ठणठणीत आहेत. कान नुसता माल आणून टाकतात. काय ऐकायचं ते मेंदू ठरवतो, आणि तो डोळ्यांचंही ऐकतो. तुमच्या कानांकडून माल येईना, म्हणून त्याने सगळं डोळ्यांच्या भरवशावर चालवलं. तुम्ही खोटं बोलत नव्हता. तुम्हाला ऐकू येतच होतं. फक्त ते बाहेर वाजत नव्हतं."

आजीने यावर विचार केला. "म्हणजे सूत नाही आणि माग चालू," ती म्हणाली.

कानातली यंत्रं आली आणि घरात नवा छळ सुरू झाला. आजीला वाटलं होतं, चष्म्यासारखं असेल, लावलं की लख्ख. इथे तर फ्रीज गुरगुरायला लागला. कागदी पिशवी उघडली की विस्तवावर पाणी पडल्यासारखं चर्र व्हायचं. स्वतःच्या चपला स्वतःचाच पाठलाग करायच्या. बाईंनी सांगितलं होतं की मेंदूला आता नको ते बाजूला सारायला पुन्हा शिकावं लागेल, वेळ द्या. आजीने पहिल्या दिवशी दुपारपर्यंत वेळ दिला आणि यंत्रं डबीत टाकली. "यापेक्षा कारखाना बरा होता. तिथला गोंगाट निदान ओळखीचा होता!"

मग खिडकीशी दुपट्यावर पाय झाडत पडलेल्या बाळाकडे तिची नजर गेली. तिने डबी पुन्हा उघडली.

सरावाला जावई बसला. लेकीला दुपारी डुलकी लागली की तो सासूला भिंतीकडे तोंड करून बसवायचा आणि स्वतः दाराआड उभा राहून वर्तमानपत्रातल्या जाहिराती वाचायचा. ती ऐकू येईल ते सांगायची. कधी बरोबर यायचं, कधी असं काही यायचं की दोघंही तोंड दाबून हसत सुटायची. जो माणूस तिला मुखदुर्बळ वाटत होता त्याच्या तोंडून तिने विकाऊ घरं, हरवलेली कुत्री आणि वधू-वर असं सगळं जग ऐकलं. एका दुपारी ती मधेच म्हणाली, "जावईबापू, त्या मागच्या दाराच्या बिजागरीला तेल घाला हो. कशी कुरकुरतेय!"

जावयाचा आवाज थांबला. तो पुढे आला आणि तिच्यासमोर वाकून सावकाश म्हणाला, "आई, ती बिजागरी नाही. बाळ उठलंय."

आजीने मागच्या दाराकडे पाहिलं. "हा असा रडतो?"

"हो."

"माझ्या डोक्यात तो वेगळाच रडायचा," ती म्हणाली. तिला नक्की ठाऊक होतं ते रडणं कुठलं होतं. पाळीला निघताना दारापर्यंत तिच्या मागे येणारं रडणं होतं ते, तिच्या लेकीचं. मेंदूने ते जपून ठेवलं होतं आणि नातवाच्या तोंडावर बसवून दिलं होतं. त्या दिवसानंतर बाळ रडलं की ती मुद्दाम डोळे मिटून ऐकायची. भुकेचं कुठलं, झोपेचं कुठलं. हळूहळू बिजागरी मागे पडली आणि नातू पुढे आला. फार गोड आवाज होता असं नाही, पण त्याचा होता.

रजेचा शेवटचा आठवडा उजाडला. पाळणाघराचा विषय दोघींनी टाळला होता. आजी ओट्यापाशी भाजी चिरत होती, आणि तिच्या मागे खोलीत कुणीतरी बाई बोलत होती. आवाज घोगरा होता, दमलेला, जिना चढून आल्यासारखा मधेमधे थांबणारा. शेजारीण आली असावी असं आजीला वाटलं.

"हो, सोमवारपासूनच," ती बाई म्हणत होती. "नाही, आईला अजून सांगितलं नाहीये. कसं सांगू तेच कळत नाही. तिला फार लागेल हो."

आजीने वळून पाहिलं. खोलीत शेजारीण नव्हती. लेक एकटीच फोन खाली ठेवत होती. आईला वळलेलं पाहून तिने हसरा चेहरा केला.

"काही नाही गं आई, ऑफिसातून फोन होता."

आता तो आवाज कोवळा होता, किणकिणता. लग्नाआधीच्या लेकीचा आवाज, जो आजी इतकी वर्षं ऐकत आली होती. आजीच्या हातातली सुरी थांबली. तिने पुन्हा ओट्याकडे तोंड केलं.

"काय म्हणालीस?"

"ऑफिसातून फोन होता म्हटलं." घोगरा, थकलेला आवाज.

तिने मान वळवून लेकीच्या ओठांकडे पाहिलं. "पुन्हा म्हण." कोवळा आवाज. पाठ केली, पुन्हा तो दमलेला.

 लेकीचा आवाज कधी बदलला? दिवसभर लोकांची बोलणी खाऊन, रात्री बाळाला जोजवून, कधी असा झिजून गेला? रोज संध्याकाळी ही घरी यायची आणि म्हणायची, "काही नाही गं, मजेत," आणि आई तिच्या तोंडाकडे बघून खरंच मजेतली पोरगी ऐकायची. शेजारच्यांना ठाऊक असेल, दूधवाल्यालाही ठाऊक असेल. आईला तेवढं ठाऊक नव्हतं. तिला स्वतःचा संताप आला, आणि संतापाहून जास्त वाईट वाटलं.

"सोमवारपासून पाळणाघर, ते ऐकलं मी," ती भिंतीकडे बघत म्हणाली.

 मागे लेक जवळ आल्याची पावलं वाजली. "आई, चिडू नकोस. इकडे बघ ना."

"नाही बघणार. चिडले नाहीये मी. तू बोल, तिथूनच बोल. मला तुझा आवाज ऐकायचाय."

"काय बोलू?"

"खरं ते."

 "तुझ्यावर सोडून जायचंय गं मला त्याला," लेक म्हणाली. "दुसरं कुणी नकोच होतं. पण तिथे बसून मला सारखं वाटत राहील की तो रडतोय आणि तुला..." वाक्य तिथेच थांबलं. पुढे शब्द आले नाहीत. आला तो एक बारीक आवाज, नाकातून, दाबून धरलेला. दिसायला त्यात काहीच नसणार. लेकीने तोंड घट्ट मिटलं असणार, खात्यातली कुठलीही बाई ते वाचू शकली नसती.

भिंतीकडे तोंड करून उभ्या असलेल्या म्हातारीला ते रडणं ऐकू आलं. नातवाचं नव्हे, तिच्या स्वतःच्या बाळाचं.

तिने सुरी टाकली, हात तसेच ओले.

"आले गं," ती वळली. "आले, आले."

संध्याकाळी लेकीने पाळणाघराला फोन लावला. आजी पाठमोरी बसून बाळाच्या कपड्यांच्या घड्या घालत होती, आणि लेकीनेही तिला वळायला सांगितलं नाही.

"जागा दुसऱ्या कुणाला तरी द्या," लेक म्हणाली. "त्याची आजी असते घरी."